तोंडात टाचण्या

८ फेब्रुवारी

मावशी,

फोनवर तुला निम्मंच ऐकू येतं आणि उरलेलं निम्मं तू मनाने भरतेस, तेव्हा पत्रच लिहीत जा असं तू म्हणालीस ते बरं झालं. मागच्या वेळी मी 'खोली मिळाली' म्हणालो आणि 'गोळी कुणाला लागली' म्हणून तू सगळी गल्ली गोळा केलीस.

तर खोली मिळाली. तिसरा मजला, खाली टायरचं दुकान. भिंतींना आम्ही जुन्या गाद्या ठोकल्यात, म्हणजे आमचा आवाज बाहेर जाऊ नये आणि टायरवाल्याचा आत येऊ नये. त्याचा येतोच. तुझ्या बोक्याने त्याच्या हवा भरायच्या पंपाचा फुसकारा पकडून एका तुकड्यात घातलासुद्धा.

तू विचारलंस, की तुम्ही दोघं गात नाही, कुठलं वाद्य धड वाजवत नाही, मग लोक तुम्हाला बोलावतात तरी कशाला. सांगतो. हिपहॉपमध्ये पुढे एक माणूस माइक धरून भराभर बोलतो आणि त्याच्यामागे ठेका चालू असतो. आम्ही तो मागचा ठेका करतो. आमच्यात पुढचा माणूस नाही, एवढंच. बोका आवाज शोधतो, जुन्या तबकड्यांतून, रस्त्यावरून, कुठूनही, आणि त्यातला नेमका घास कापून काढतो. मी ते कापलेले तुकडे यंत्राच्या बटणांवर लावून बोटांनी वाजवतो आणि खाली ड्रम घालतो. शब्द नाहीत. 'मागचा जिना' हे नाव का ठेवलं ते तुला माहीतच आहे. तुझ्या दुकानाच्या मागच्या जिन्याखाली बसूनच सगळं सुरू झालं आणि तू तिथून आम्हाला झाडूने हाकलायचीस.

आता खरी बातमी. अल्बम आला, आणि त्यातला सगळ्यात जास्त ऐकला जाणारा तुकडा तुझा आहे. आठवतं का, त्या दुपारी तू पडद्यांना दुमड घालत होतीस, तोंडात टाचण्या धरून गुणगुणत होतीस आणि दुकानाच्या दाराशी किल्लीवालेकाका कानशीने किल्ली घासत बसले होते? बोक्याने कापडाच्या ढिगात रेकॉर्डर खुपसून ठेवला होता. तुझं गुणगुणणं, त्यांची कानस, आणि खाली माझा ड्रम. नाव 'टाचणी'.

एका कंपनीने आम्हाला घेतलंय. दोघांनी सह्या केल्या. कार्यक्रम, जाहिरात, हक्क, सगळं ते बघणार, आम्ही फक्त संगीत करायचं. बोका मजेत आहे. दोन ओळी लिही म्हटलं तर म्हणतो, "तूच लिही, आईला माझं अक्षर लागत नाही."

तुझा,
ढापण्या


२१ फेब्रुवारी

ढापण्या,

माझ्या मुलाला सांग, अक्षर लागत नाही हे खरं, पण लिहिलंय एवढं तरी कळेल.

ऐकलं तुमचं. कोपऱ्यावरच्या रेडिओ दुरुस्तीवाल्याकडे मोठे स्पीकर आहेत, तिथे गेले. कानाचं यंत्र लावलं, वर हातही धरला. किल्लीवाल्यांनाही ओढत नेलं. ते नको नको म्हणत होते. तुला ठाऊक आहे ना, बाहेरून आलेला माणूस, चारचौघांत जायला बिचकतात. बायको आणि दोन्ही मुलीही आल्या. आधी मी म्हटलं, ही सर्दी झालेली बाई कोण? मग कळलं, मीच. किल्लीवाले मान खाली घालून ऐकत होते. संपल्यावर म्हणाले, "ही कानस बोथट झालीय. बदलायला हवी." त्यांची थोरली मात्र हरखून गेली. वर्गात सगळ्यांना सांगणार म्हणाली, की यात माझे बाबा आहेत.

मी गिऱ्हाइकांपैकी फक्त दोघींना सांगितलं. बरं, तिघींना.

तू म्हणतोस शब्द नाहीत. असणार कुठून? तोंडात टाचण्या असल्या की गाता येत नाही, तोंड उघडलं की टाचणी पोटात. म्हणून नुसतं हूं हूं. बोका लहानपणी मशीनच्या पायथ्याशी चिंध्यांत लोळत हेच ऐकत झोपायचा. पण मला एक सांग. शब्दच नाहीत, तर लोकांना कळतं कसं मी काय म्हणतेय? की ज्याला जे वाटेल ते तो समजतो? तसं असेल तर चांगलंच आहे. मलाही माहीत नाही मी काय म्हणतेय ते.

त्याला दूध सोसत नाही, तरी पितो. लक्ष ठेव.

मावशी


३० मे

मावशी,

उशिरा लिहितोय, रागावू नकोस. गावोगाव फिरतोय. कालच्या हॉलमध्ये माणसं भिंतीला चिकटून उभी होती. कार्यक्रमात आम्ही दोघंही बटणांवर असतो; बोका टोपी डोळ्यांवर ओढून वाकलेला, वर बघतच नाही. मी एकदा वर बघितलं आणि पुढचा ठोका चुकलो. नंतर म्हणाला, "बघायचंच असेल तर तिकीट काढून खाली उभा राहा."

नव्या अल्बमचंही चालू आहे. एका ड्रमवरून आमचं आठवडाभर वाजलं. त्याचं म्हणणं, ड्रम जरासा मागे पडायला हवा, माणूस दमून खुर्चीत बसतो तसा. मी म्हटलं, लोक म्हणतील याला वाजवता येत नाही. तो म्हणाला, "दमलेला माणूस कसा बसतो ते लोकांना माहीत असतं." शेवटी त्याचंच खरं झालं. नेहमीसारखं.

'टाचणी'चं काय झालंय ते तुला सांगूनही पटणार नाही. लोक आपापल्या व्हिडिओच्या मागे ती लावतात. कुणी बाळाच्या पहिल्या पावलांना, कुणी केकवर क्रीम फिरवताना. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी बायकोच्या रिकाम्या खुर्चीचा व्हिडिओ केला आणि मागे तू. बोक्याने तो किती वेळा पाहिला असेल. शेवटी मीच फोन काढून घेतला.

अर्थात हजार माणसं हजार गोष्टी लावणार. त्यातल्या काही आपल्याला आवडत नाहीत. त्याला धरबंध नसतो, आणि त्याचा विचार करत बसायचं नाही असं मी बोक्याला सांगतो.

दूध बंद केलंय.

ढापण्या


१४ जुलै

ढापण्या,

इथे वाईट झालं. कुणाला सांगू? तुलाच लिहिते.

गेले दोन-तीन महिने गल्लीत कुजबुज चालू होती. बाहेरचे लोक फार झाले, घरफोड्या वाढल्या, किल्ल्या कोण बनवतं ते बघा. मी हसण्यावारी नेलं. गिऱ्हाइकं बोलतात, त्यांची तोंडं कुठे शिवणार? परवा पलीकडच्या इमारतीत चोरी झाली. दुपारी पोरांचं टोळकं आलं. पोरं कसली, बाप्ये सगळे, निम्म्यांच्या पँटी मी आखूड केल्यात. किल्लीवाल्यांचं खोकं लाथेने उडवलं. किल्ल्या गटारापर्यंत गेल्या. त्यांना रस्त्यात गुडघ्यांवर बसवलं, कान धरायला लावले, आणि म्हणायला लावलं की मी चोर आहे, मी इथून जातो.

मी मध्ये गेले. एकाने मला खांद्याला धरून बाजूला केलं, अगदी हळू, आजीला रस्ता ओलांडून द्यावा तसं. "मावशी, तुम्ही आत बसा." आणि मी आत बसले रे. काय करणार होते? कात्री हातात होती, ती टेबलावर ठेवली आणि बसले.

आता त्याचा व्हिडिओ सगळीकडे फिरतोय. जो येतो तो मलाच दाखवतो, दुकान दिसतं ना मागे. मी नुसती चित्रं बघते. कानाचं यंत्र दुरुस्तीला टाकलंय, त्याचा काहीतरी भाग मिळत नाही. मागे कसलंसं संगीत लावलंय म्हणे. बघणारी पोरं माना हलवत ठेका धरतात, त्यावरून कळतं.

किल्लीवाले घराबाहेर पडत नाहीत. मी भाजी नेऊन देते.

तुम्ही दोघं जपून राहा. तिथे तुम्हीही बाहेरचेच.

मावशी


१९ जुलै

मावशी,

पत्र वाचलं. तू मध्ये गेलीस हे फार झालं. आत बसलीस म्हणून स्वतःला लावून घेऊ नकोस.

काकांना काही हवं असेल तर कळव. कुणी तुला फोनवर ते दाखवायला आलं तर बघू नकोस, उगाच जिवाला त्रास. कानाच्या यंत्राची घाई करू नकोस. इथे चांगली मिळतात, मी पुढच्या खेपेला घेऊन येतो. तोवर राहू दे.

बोका ठीक आहे. कामात आहे.

ढापण्या


१० ऑगस्ट

ढापण्या,

यंत्र दुरुस्त होऊन आलं. तू नको म्हणालास तेव्हाच मला शंका यायला हवी होती. तू कधी मला उशीर कर म्हणालायस का?

पोलीस ठाण्यात गेलो होतो, मी आणि किल्लीवाले. साहेबांनी पुरावा मागितला. मी म्हटलं, साऱ्या जगाकडे आहे. त्यांनी फोन काढला, लावला. टेबलावर ठेवून दिला, आवाज पूर्ण मोठा.

मी ऐकलं.

पुन्हा लावा म्हटलं. त्यांना वाटलं, म्हातारीला नीट दिसलं नाही. पुन्हा लावला. किल्लीवाले शेजारी बसले होते. तिकडे ते गुडघ्यांवर, आणि मी हूं हूं करतेय, आणि त्यांचीच कानस चालू आहे. त्यांनी ओळखलं की नाही मला कळलं नाही. मी त्यांच्याकडे बघितलंच नाही.

साहेब म्हणाले, मारहाण दिसत नाही, त्यांनी स्वतःच म्हटलंय की जातो. मग जावं त्यांनी.

गेले ते. सोमवारी टेम्पो आला होता.

तुला माहीत होतं का? बोक्याला?

मावशी


१८ ऑगस्ट

मावशी,

माहीत होतं. तुझं जुलैचं पत्र यायच्या आधीच आम्ही पाहिला होता. बोक्याने आधी दुकानाचं दार ओळखलं, मग काकांना. मग तू आत जाताना पाठमोरी दिसतेस, तिथे त्याने फोन पालथा ठेवला.

तुला सांगायचं नाही असं मी ठरवलं. तुला ऐकू येत नव्हतं, तर तेवढं तरी वाचावं असं वाटलं.

आता सगळं सांगतो. हा पहिला व्हिडिओ नाही. उन्हाळ्याच्या सुरुवातीपासून चालू आहे. कुठल्यातरी गावात कुणीतरी एका फेरीवाल्याला हाकलताना 'टाचणी' लावली आणि तो व्हिडिओ खूप चालला. तेव्हापासून ती त्या कामाची धूनच होऊन बसली. माणसाला गुडघ्यांवर बसवायचं आणि मागे हे लावायचं. वेगवेगळी गावं, वेगवेगळ्या भाषा. शब्द असते तर त्यांना अडचण झाली असती. नाहीत, म्हणून कुणालाही चालते.

आम्ही जे सुचेल ते केलं. जिथे हे व्हिडिओ असतात तिथे तक्रारी केल्या. माणसाचं नाही, यंत्राचंच उत्तर येतं, आम्ही तपासलं, आमच्या नियमांत बसतं. मग आम्ही जाहीर लिहिलं, की आमच्या संगीताचा असा वापर आम्हाला मान्य नाही. त्याखाली लोकांनी हसणारी तोंडं टाकली, आणि ज्यांनी ते व्हिडिओ पाहिले नव्हते तेही शोधून पाहू लागले. रस्ता आम्हीच दाखवला.

मग बोका कंपनीत गेला. मी बरोबर होतो. आमचं काम बघणाऱ्या बाई तशा चांगल्या आहेत, चहा मागवला.

बोका म्हणाला, "हे थांबवा."

"कसं थांबवू? त्यांनी चोरलेली नाही. व्हिडिओला धून लावायची परवानगी आपणच दिलीय सगळ्यांना."

"मग काढून घ्या."

"मग बाळांचे व्हिडिओही मुके होतील. आणि ही माणसं काय, दुसरी धून लावतील. ते थांबणार नाहीत, आपण तेवढे बुडू."

बोक्याने चहाचा कप बाजूला सरकवला. मग म्हणाला, "तो आवाज माझ्या आईचा आहे."

बाईंनी त्याच्या हातावर हात ठेवला. खरंच ठेवला, नाटक नव्हतं. डोळ्यांत पाणी होतं त्यांच्या. म्हणाल्या, "हे आधी का नाही सांगितलंत? ही गोष्ट लोकांपर्यंत जायला हवी. आईंना इथे आणता येईल का?"

बोका उठला. खोलीवर आल्यावर त्याने भिंतीवरच्या गाद्या काढायला सुरुवात केली. मी विचारलं, काय करतोयस? म्हणाला, "श्वास घेता येत नाही." गाद्या काढल्या, आणि टायरवाल्याचा पंप सबंध खोलीभर वाजायला लागला. तो तसाच मध्ये उभा राहिला.

दुसऱ्या दिवशी मी सामान घेऊन परत आलो तर तो नव्हता. फोन टेबलावर होता. मावशी, त्याला जाऊन आठवडा होऊन गेला. मला वाटलं येईल, म्हणून तुला कळवलं नाही. मला माहीत नाही तो कुठे आहे. तुझ्याकडे आला असेल तर एवढंच कळव.

ढापण्या


२२ ऑगस्ट

बोका इथे आहे. काल आला. इतके दिवस कुठे होता विचारलं नाही. झोपलाय. सविस्तर मागून.

मावशी


२५ सप्टेंबर

ढापण्या,

सविस्तर म्हणाले होते, पण सांगण्यासारखं काही घडतच नव्हतं. तो उठतो, दुकानात बसतो, उसवायचं असेल ते उसवतो. जेवतो. बोलत नाही. मी कानाचं यंत्र काढून ठेवलं तर म्हणाला, "घाल, गाड्या येतात रस्त्यावर." महिन्याभरातलं सगळ्यात लांब वाक्य हेच.

मग एक दिवस म्हणाला, काकांकडे जायचंय. पत्ता माझ्याकडे होता. दोन बस बदलून गेलो. कारखान्यांच्या मागे, शीतगृहाच्या भिंतीला लागून खोल्या आहेत, त्यातली एक. किल्लीवाले आता शीतगृहात खोकी उचलतात. कानात कापूस घालून आले होते, हात थंडीने फुटलेले. त्या हातांनी बारीक काम आता होईल का, हे मला विचारवलं नाही.

बोका खाटेच्या कडेवर बसला. सगळी तयारी करून आला असणार. शेवटी "काका, त्यात तुमची कानस..." एवढंच म्हणाला.

किल्लीवाले म्हणाले, "माहीत आहे. ठाण्यात ऐकली. मी माझी कानस ओळखणार नाही?" मग म्हणाले, "तू काय केलंस बाबा? तू तर बाजा केलास. बाजाचं काय, कुणीही वाजवावा."

मला वाटलं, संपलं, सुटलो. तेवढ्यात त्यांची थोरली म्हणाली, "नवीन शाळेतही ओळखलं."

बापाने विचारलं, काय ओळखलं? ती बोक्याकडेच बघत होती. म्हणाली, "मी वर्गात आले की मुलं ते गुणगुणतात. बाई वर्गात असल्या तरी. बाईंना कळतच नाही. त्यांना वाटतं, मुलं गाणं म्हणतायत."

"हे तू मला सांगितलं नाहीस," किल्लीवाले म्हणाले.

धाकटी बिस्किट खात होती, तिने खायचं थांबवलं.

निघताना त्यांची बायको रस्त्यापर्यंत आली. माझा हात धरला. म्हणाली, "ताई, तुम्ही चांगली माणसं आहात. तुम्ही भाजी आणून देत होतात ते मी विसरणार नाही. पण परत येऊ नका. तुम्हाला कुणी ओळखलं, की मग आम्हालाही ओळखतात."

बसमध्ये बोक्याला माझ्या शेजारची जागा मिळाली नाही. पुढे उभा होता. मला त्याची पाठ तेवढी दिसत होती आणि ती पूर्ण वेळ हलत होती. लोकांना वाटलं असेल, बस हलतेय.

इकडे येऊ नकोस असं मी म्हणत नाही. पण येऊन करशील काय तेही मला कळत नाही.

मावशी


६ नोव्हेंबर

मावशी,

तुझं पत्र खिशात घेऊन फिरतोय.

मला इथून हलता येत नाही. ठरलेले कार्यक्रम करावेच लागतात, दुसरा अल्बमही द्यावा लागणार, सह्या दोघांच्या आहेत. कंपनीने बोक्याच्या जागी एक मुलगा उभा केलाय. तसाच अंगकाठीने, टोपीही तशीच. गुणी आहे बिचारा, 'दादा, असं चालेल का' म्हणून दर वेळी विचारतो. ड्रम मी त्याच्याकडे दिलाय, अगदी वेळेवर पडतो. लोकांना फरक कळत नाही, निदान कुणी म्हणत तरी नाही.

मी एकच गोष्ट ठरवली होती. 'टाचणी' वाजवायची नाही. बाईंना सांगितलं, त्याही हो म्हणाल्या. पहिल्या दोन-तीन कार्यक्रमांत लोक ओरडले, मागणी केली, मग गप्प बसले. मला वाटलं, एवढं तरी आपल्या हातात आहे.

गेल्या आठवड्यात मोठा हॉल होता. शेवटचा तुकडा झाला, मी यंत्र बंद केलं. लोक 'टाचणी, टाचणी' म्हणायला लागले. मी नाही म्हणून मान हलवली. मग मागच्या बाजूला कुणीतरी गुणगुणायला सुरुवात केली. शेजारच्यांनी उचललं. बघता बघता सगळा हॉल गुणगुणायला लागला, तोंडं मिटून, तू करतेस तसं. काहींनी तर दातांवर दात घासून कानशीचा आवाजही काढला. चांगली माणसं होती ती, मावशी. प्रेमाने करत होती. एक बाई लेकराला कडेवर घेऊन डुलत होती. आणि त्यात, माझ्या समोर चार हातांवर, दोन पोरं गुडघ्यांवर बसली होती, कान धरून, एकमेकांचे फोटो काढत हसत होती.

मी हात वर केले. थांबा म्हणून केले. लोकांना वाटलं, आणखी जोरात.

नवा मुलगा माझ्याकडे बघत होता. शेवटी त्याने, आता काहीतरी करायला हवं म्हणून, खाली ड्रम धरला. वेळेवर.

मी उतरून मागच्या खोलीत जाऊन बसलो. तिथेही भिंतीतून येत होतं.

बोक्याला हे सांगू नकोस. नाहीतर सांग. मला आता काय लपवायचं आणि काय नाही तेच कळेनासं झालंय. त्याला एवढं विचार, की मी हे सोडून आलो तर तो परत माझ्याबरोबर काही करेल का? काहीही. संगीतच असं नाही.

ढापण्या


२ डिसेंबर

ढापण्या,

पत्र त्याला वाचायला दिलं. वाचलं आणि घडी घालून परत दिलं. तू विचारलेलं मी पुन्हा तोंडाने विचारलं. म्हणाला, "त्याला सांग, जेवत जा." याचा अर्थ तूच लाव. तुला तो माझ्यापेक्षा जास्त कळतो.

आता तो काज-बटणं करतो, हुक लावतो, इस्त्री करतो. हात चांगला आहे. माझे गुडघे गेलेत, म्हणून मापं तोच घेतो.

गेल्या सोमवारी पलीकडच्या इमारतीतला एक जण पँट घेऊन आला. नवी कोरी, आखूड करायची. मी ओळखलं. त्या दिवशी फोन ज्याच्या हातात होता तो हा. बोक्यानेही ओळखलं, कारण खडू उचलता उचलता थांबला. पोरगा मात्र मोकळेपणाने बोलत होता. नोकरीची मुलाखत आहे, मावशी, बरी दिसायला हवी, वगैरे. पँट घालून आतून आला, आरशासमोर उभा राहिला. बोका त्याच्या पायाशी गुडघ्यांवर बसला आणि खूण करायला लागला. आरशात पोराचं लक्ष त्याच्याकडे गेलं.

"तुम्ही ते नाही ना? मागचा जिना?"

बोका टाचणी लावत होता. मान वर न करता म्हणाला, "हो."

पोराला काय करू अन् काय नको झालं. "अहो, तुम्ही इथले? आपल्या गल्लीतले? मला माहीतच नव्हतं. तुमच्यामुळेच आमचा व्हिडिओ एवढा चालला." मग म्हणाला, एक फोटो काढू या. मी म्हटलं, कामात आहे तो. पोरगा म्हणाला, "मावशी, एकच."

बोका उठला. त्याच्या शेजारी उभा राहिला. पोराने त्याच्या खांद्यावर हात टाकला. मला वाटलं, आता हा काहीतरी करेल. कात्री समोर होती, इस्त्री तापलेली होती. खरं सांगते, क्षणभर मला वाटलं करावं. पण त्याने काही केलं नाही. फोटो निघाला. बोका पुन्हा खाली बसला आणि दुसऱ्या पायाची खूण केली.

तो गेल्यावर मी म्हटलं, ठेव ती बाजूला. आपल्याला जमणार नाही असं सांगू. बोक्याने पँट मांडीवर घेतली, जुनी टीप उसवायला लागला. "उद्या द्यायचं कबूल केलंय," म्हणाला.

मग एक पाय त्याने केला, एक मी केला. वाकडी शिवता आली असती. कुणाला कळलं नसतं, मुलाखतीत बसल्यावर जरा वर सरकली असती एवढंच. पण हाताला सवय नाही. सरळच आली.

त्याला नोकरी लागली. परवा आणखी दोन पँटी टाकून गेलाय.

मावशी